सत्तरीचं कार्ड, रेशनकार्डावरची योजना आणि ‘निरामय’: कोल्हापूरकरांचे नेहमीचे प्रश्न

मंगळवार पेठेत आमच्या ज्येष्ठ नागरिक संघाच्या खोलीत आठवड्यातून दोन सकाळी मी लॅपटॉप मांडून बसतो. माणसं कार्ड काढायला येतात आणि उठता उठता चार प्रश्न टाकून जातात. दर वेळी तेच प्रश्न आणि तीच उत्तरं, म्हणून एकदाचं लिहून काढलं. ज्यांना पेठेपर्यंत येणं जमत नाही त्यांना घरच्या कुणीतरी वाचून दाखवावं.

आयुष्मान, जीवनदायी, महात्मा फुले, वय वंदना… यातलं आमचं कोणतं?

वय किती आणि नाव रेशनकार्डावर आहे का, यावर ते ठरतं.

आयुष्मान भारत प्रधानमंत्री जन आरोग्य योजना केंद्राची, २३ सप्टेंबर २०१८ ला सुरू झालेली. महात्मा फुले जन आरोग्य योजना राज्याची, रेशनकार्डावर मिळणारी. ती २०१२ साली राजीव गांधी जीवनदायी या नावानं आली, २०१७ साली नाव बदललं, पण कागलपासून शाहूवाडीपर्यंत जुनी माणसं अजून ‘जीवनदायी’च म्हणतात. १ एप्रिल २०२० पासून महाराष्ट्रात दोन्ही एकत्र चालवल्या जातात, त्यामुळं दवाखान्यात टेबल एकच असतं. वय वंदना म्हणजे याच आयुष्मानमध्ये सत्तरीपुढच्यांसाठी केलेली वाढ, २९ ऑक्टोबर २०२४ पासूनची. निरामय मात्र वेगळी. ती काही ठरावीक दिव्यांगांसाठी आहे, तिच्याबद्दल खाली सविस्तर लिहिलंय.

सगळे याला विमा म्हणतात, मीही म्हणतो. पण निरामय सोडली तर बाकीच्यांत हप्ता नाही, पॉलिसी नाही, एजंट नाही. पैसे सरकारकडून थेट दवाखान्याला जातात, आपल्या हातात एक रुपया येत नाही. एवढं ध्यानात ठेवलं तर पुढच्या निम्म्या प्रश्नांची उत्तरं आपोआप कळतील.

वय वंदना कार्ड कुणाला मिळतं? आम्ही पेन्शनर, आमचं उत्पन्न जास्त आहे.

उत्पन्न कुणी विचारत नाही. आधारवर ७० पूर्ण झालेली असली की बस. पेन्शनर, बंगलेवाला, ऊसवाला, दुकानदार, सगळ्यांना चालतं. वर्षाला ५ लाखांपर्यंतचे दवाखान्यात भरती होऊन घेतलेले उपचार यात बसतात. आधीपासून असलेला मधुमेह, रक्तदाब, हृदयाचा आजार पहिल्या दिवसापासून धरला जातो, थांबण्याची मुदत नाही. खाजगी विम्याच्या ऑफिसातून सत्तरीचा माणूस किती वेळा हात हलवत परत आलाय हे ज्यांनी पाहिलंय त्यांना या एका वाक्याची किंमत कळेल.

कागद एकच लागतो, आधार. उत्पन्नाचा दाखला, तलाठ्याचा दाखला, फोटो घेऊन येणाऱ्यांना मी ते सगळं परत पिशवीत ठेवायला सांगतो.

आधारवर वय चुकलंय. खरं वय बहात्तर, आधारवर सदुसष्ट.

हे रडगाणं आमच्या टेबलावर सगळ्यांत जास्त. शाळेत घालताना मास्तरांनी ‘१ जून’ लावलेली आपली आख्खी पिढी आहे, आणि जे शाळेतच गेले नाहीत त्यांचं साल आधार काढताना कुणीतरी अंदाजानं सांगितलंय. यंत्रणा फक्त आधारवरचं वय मानते. गल्लीतल्या चौघांनी साक्ष दिली तरी उपयोग नाही.

जन्मतारीख आधार केंद्रावर बदलून मिळते, पण नियमानं ती एकदाच बदलता येते. म्हणून घाईनं जाऊन भलतीच तारीख टाकून घेऊ नका. शाळा सोडल्याचा दाखला किंवा जन्माचा दाखला आधी शोधा, त्यावर जे आहे तेच घाला. दाखला नसेल तर सत्तरी आधारप्रमाणे पूर्ण होईपर्यंत रेशनकार्डावरची योजना आहेच. ती वयावर नाही.

बोटांचे ठसेच उठत नाहीत, आता काय?

करवीर तालुक्यातले एक तात्या आले होते, वय चौऱ्याहत्तर, आयुष्यभर गुळव्या. उकळत्या काहिलीशी आणि वाफ्यातल्या गरम गुळाशी पन्नास वर्षं काढलेले हात, दहाही बोटं गुळगुळीत. मशीनवर बोट ठेवलं की लाल दिवा. साबणानं हात धुतले, पुसले, परत लाल दिवा. तात्या म्हणाले, “रेशनला बी असंच हुतंय, राहू द्या.”

राहू द्यायचं कारण नाही. ओळख पटवायला चार वाटा आहेत: आधारला जोडलेल्या मोबाइलवर ओटीपी, बोटाचा ठसा, डोळ्याची बुबुळं आणि चेहरा. तात्यांचा मोबाइल जोडलेला नव्हता, म्हणून चेहऱ्यावर गेलो. तिथं डोळे मिचकावायला लागतात. तात्या मात्र लग्नातला फोटो काढावा तसे ताठ बसून टक लावून बघत राहिले. नातीनं समोर उभं राहून डोळे मिचकावून दाखवले, तेव्हा कुठं हिरवा दिवा लागला. उजेडात, भिंतीसमोर बसा, टोपी आणि चष्मा काढा, म्हणजे लवकर होतं.

कार्ड काढायला कुठं जायचं? पैसे किती?

घरात स्मार्टफोन असेल तर आयुष्मान ॲपवरून घरीच निघतं, पैसे लागत नाहीत. नाहीतर गावात आशाताईंना विचारा, शहरात आपले सरकार सेवा केंद्रात किंवा योजनेतल्या कुठल्याही दवाखान्यात आरोग्यमित्राकडे (योजनेचं काम बघायला तिथं बसवलेला माणूस) जा.

आम्ही नवरा-बायको दोघंही सत्तरीपुढं. दोघांचे मिळून १० लाख?

नाही. कार्ड दोघांना वेगवेगळं मिळतं, पण ५ लाख दोघांत मिळून. मात्र हे ५ लाख घरातल्या सत्तरीखालच्यांबरोबर वाटून घ्यायचे नाहीत. घराचे रेशनकार्डावरचे ५ लाख वेगळे राहतात. आजी बहात्तर आणि आजोबा सदुसष्ट असं उलटं असेल तर आजी वय वंदनात आणि आजोबा घरच्या ५ लाखांत. दोन डबे वेगळे आहेत असं समजा.

पांढरं रेशनकार्ड आहे. जीवनदायी आम्हाला नाही म्हणून आधी परत पाठवलं होतं.

तेव्हा बरोबर होतं. पूर्वी पिवळं आणि केशरी कार्ड चालायचं. पांढरं फक्त विदर्भ-मराठवाड्यातल्या १४ जिल्ह्यांतल्या शेतकऱ्यांना होतं, आणि कोल्हापूर त्यात नव्हतं. जुलै २०२३ च्या शासन निर्णयानं सगळी रेशनकार्डं आत आली आणि १ जुलै २०२४ पासून त्याची अंमलबजावणी सुरू झाली. पूर्वीची मर्यादा दीड लाख होती, ती त्याच निर्णयात ५ लाख झाली, आणि मूत्रपिंड प्रत्यारोपणाची अडीचवरून साडेचार लाख. तेव्हाच्या यादीत १३५६ उपचार होते.

रेशनकार्ड ऑनलाइन आहे का, त्याचा १२ आकडी नंबर पडलाय का, एवढं आजच रेशन दुकानात विचारून ठेवा. सूनबाईचं नाव घातलंय आणि आजोबांचं नाव चुकून निघालंय, अशीही कार्डं पाहिलीत.

माझी मेडिक्लेम पॉलिसी आहे. मुलगा म्हणतो बंद करूया.

खाजगी पॉलिसी असली तरी वय वंदना मिळतं. पण पॉलिसी बंद करू नका, निदान हप्ता झेपतोय तोवर. योजनेत सगळे दवाखाने नाहीत, आणि जे आहेत ते सगळ्या विभागांना नाहीत. एकदा सोडलेली पॉलिसी या वयात परत घ्यायला गेलात तर जुन्या आजारांना पुन्हा तीन वर्षांपर्यंत थांबायला लावतात.

मी माजी सैनिक आहे, ईसीएचएस आहे.

सैनिक टाकळीसारखं आख्खं गाव फौजेत असलेला हा जिल्हा, म्हणून हा प्रश्न हमखास येतो. ईसीएचएस (माजी सैनिकांची), सीजीएचएस (केंद्र सरकारच्या नोकर-पेन्शनरांची) अशा सरकारी आरोग्य योजनेत असणाऱ्यांना दोन्हींतली एकच निवडावी लागते. फॉर्म भरताना तसं विचारतात. तिथं विचार न करता बटण दाबू नका. ईसीएचएसमध्ये पॉलिक्लिनिकमधून रोजच्या गोळ्याही मिळतात, वय वंदनात मिळत नाहीत. माझं मत विचाराल तर आहे तिथंच राहा.

शिरोलीत फाउंड्रीत होतो, ईएसआय (कामगार विमा) कापत होते. निवृत्त झाल्यावर काही राहतं का?

राहतं, आणि हे फार थोड्यांना ठाऊक आहे. किमान पाच वर्षं विमाधारक राहून निवृत्त झालेल्या कामगाराला वर्षाला १२० रुपये भरून स्वतःसाठी आणि जोडीदारासाठी ईएसआयचे उपचार चालू ठेवता येतात. कामावर अपघात होऊन कायमचं अपंगत्व आलेल्यांनाही ही सोय आहे. गोकुळ शिरगाव, शिरोली, कागलच्या वसाहतींतून निवृत्त झालेल्या कितीजणांनी हे १२० रुपये भरलेच नाहीत! शिवाय ईएसआय असलेल्याला सत्तरीनंतर वय वंदनाही मिळतं, तिथं निवड करायची भानगड नाही.

भरती व्हायच्या वेळी नक्की काय करायचं?

हे उत्तर दोनदा वाचा.

दवाखाना योजनेत आहे का आणि *त्या आजारासाठी* आहे का, हे दोन वेगळे प्रश्न आहेत. हाडांसाठी अंगीकृत असलेला दवाखाना हृदयासाठी असेलच असं नाही. १५५३८८ वर किंवा १४५५५ वर फोन करून विचारा. मग दवाखान्यात गेल्यावर बिलिंगच्या खिडकीकडं न जाता आधी आरोग्यमित्राचं टेबल शोधा. योजनेतल्या प्रत्येक दवाखान्यात ते असतं. आरोग्यमित्र नोंद करतो, डॉक्टर तपासणीचे कागद ऑनलाइन पाठवतात, वरून मंजुरी येते आणि मग उपचार. तातडीचं असेल तर फोनवर मंजुरी घेऊन उपचार सुरू होतात, कागद मागाहून देता येतात.

आमच्या आबांना छातीत दुखायला लागलं ती दुपार मला अजून आठवते. एका दवाखान्यात नेलं. काउंटरवरच्या मुलीनं “आधी २० हजार डिपॉझिट भरा, बाकीचं नंतर बघू” म्हटलं आणि मी भरून टाकले. कार्ड माझ्या शर्टाच्या खिशात होतं. संध्याकाळी आरोग्यमित्र भेटला तेव्हा पेशंट कॅशवर भरती झाल्याची नोंद होऊन गेलेली. पावती घेऊन महिनाभर फिरलो. एका खिडकीवर “आधी सांगायचं होतं”, दुसऱ्या खिडकीवर “योजनेत पैसे परत देता येत नाहीत”. दुसऱ्या खिडकीवरचा माणूस खरं बोलत होता. योजना दवाखान्याला पैसे देते, आपण भरलेले आपल्याला परत देत नाही. लोकांचे फॉर्म भरणारा मी, आणि माझ्याच घरचे २० हजार गेले. म्हणून सांगतो, पहिला अर्धा तास सगळ्यांत महत्त्वाचा. एकजण पेशंटजवळ थांबा, दुसऱ्यानं आरोग्यमित्राला गाठा, आणि तोवर कुठंही “कॅश पेशंट” म्हणून सही करू नका.

कोल्हापुरात कुठं कुठं चालतं?

सीपीआर, म्हणजे आपला थोरला दवाखाना, सगळ्यांना माहीत आहे. काही उपचार तर सरकारी रुग्णालयांसाठीच राखून ठेवलेले असतात, खाजगीत त्यांना मंजुरी मिळत नाही. खाजगी दवाखान्यांची यादी बदलत राहते, आज असलेला उद्या बाहेर पडतो. म्हणून मी नावं लिहीत नाही, भरतीच्या दिवशीच फोन करून खात्री करा.

रोजच्या गोळ्या, चष्मा, कवळी, कानाचं यंत्र?

यात नाही. ही योजना भरती झाल्यावरची. आयुष्मानमध्ये भरतीआधीचे ३ दिवस आणि घरी सोडल्यानंतरचे १५ दिवस यांतल्या तपासण्या-औषधं पॅकेजमध्ये धरलेली असतात, ती घरी जाताना मागून घ्या. डायलिसिस आणि केमोथेरपीला रात्रभर राहावं लागत नसलं तरी ती योजनेत आहेत. पॅकेज जनरल वॉर्डचं असतं, एसी खोली मागितलीत की गाडी रुळावरून उतरते.

चष्मा, काठी, कानाच्या यंत्रासाठी मुख्यमंत्री वयोश्री योजना पाहा: ६५ वर्षांपुढचे, कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न २ लाखांच्या आत, एकदाच ३ हजार रुपये थेट बँक खात्यात. मोतीबिंदूसाठी सरकारी दवाखान्यात अंधत्व निवारण कार्यक्रमातून फुकट शस्त्रक्रिया होते, त्यासाठी ५ लाखांचं कार्ड बाहेर काढायची गरज नाही.

आम्ही चंदगडचे. आम्हाला कोल्हापूरपेक्षा बेळगाव जवळ.

वय वंदना आणि आयुष्मान देशभर चालतं. बेळगावात आयुष्मानमधल्या दवाखान्यात हेच कार्ड दाखवायचं. राज्याच्या, रेशनकार्डावरच्या योजनेला ही मोकळीक नाही, ती मुख्यतः राज्यातल्या दवाखान्यांसाठी. त्यामुळं चंदगड-गडहिंग्लजच्या सत्तरीपुढच्यांनी वय वंदना काढायचा आळस अजिबात करू नये. आणि सीमेपलीकडून कुणी पाव्हणे विचारत असतील तर त्यांना सांगा, ८६५ सीमावर्ती मराठी गावांतल्या लोकांना महाराष्ट्रानं महात्मा फुले योजना लागू केलेली आहे.

दिव्यांगांसाठी वेगळं कार्ड आहे का?

५ लाखांचं वेगळं कार्ड नाही. दिव्यांग माणूस घरच्या रेशनकार्डावरून योजनेत येतो. तरी दिव्यांगत्वाचं प्रमाणपत्र आणि यूडीआयडी कार्ड (दिव्यांगांचं ओळखपत्र) काढाच, पुढच्या प्रत्येक दारात ते लागतं. २०१६ च्या कायद्यानं २१ प्रकार मानलेत, पूर्वी सातच होते. पार्किन्सन, थॅलेसेमिया, सिकलसेल आता त्यात आहेत. ‘आमचं अपंगत्व दिसत नाही’ म्हणून घरी बसलेल्यांनी ही यादी एकदा वाचावी. अर्ज स्वावलंबन पोर्टलवर ऑनलाइन भरायचा, तपासणीला सीपीआरची तारीख मिळते. त्या दिवशी व्हीलचेअरवरचं माणूस घेऊन सकाळी लवकर जा आणि जेवणाचा डबा सोबत ठेवा. का ते तिथं गेल्यावर कळेल.

‘निरामय’ काय आहे?

मला वाटतं सगळ्यांत कमी वापरली जाणारी आणि काही घरांना सगळ्यांत जास्त लागणारी योजना हीच. राष्ट्रीय न्यास नावाची केंद्राची संस्था ती चालवते. स्वमग्नता, सेरेब्रल पाल्सी, बौद्धिक अक्षमता आणि बहुविकलांगता या चार प्रकारांसाठीच आहे. वर्षाला १ लाखापर्यंत. दारिद्र्यरेषेखालच्यांना नोंदणीला २५० रुपये, बाकीच्यांना ५००, नूतनीकरणाला त्याहून कमी. वयाची अट नाही, आधी वैद्यकीय तपासणीही नाही.

वर सांगितलेल्या योजनांपेक्षा हिची चाल उलटी आहे. इथं आधी आपण खर्च करायचा आणि बिलं पाठवून परत मागायचा. दवाखाना ठरावीक नाही. आणि मुख्य म्हणजे भरती न होता होणारा खर्चही चालतो: फिजिओथेरपी, स्पीच थेरपी, बाह्यरुग्ण तपासणी, औषधं, थोडा प्रवासखर्चसुद्धा. प्रत्येकाला आतली वेगळी मर्यादा आहे.

एक उदाहरण सांगतो. राजारामपुरीतल्या एक आक्का, वय शहात्तर, मुलगा अठ्ठेचाळीस वर्षांचा, जन्मापासून बौद्धिक अक्षमता. आक्कांनी वय वंदना काढलं आणि निवांत झाल्या. त्यांना वाटलं मुलगाही त्यातच आला. तो नाहीच येत, वय वंदना फक्त सत्तरीपुढच्यांचं. मुलगा रेशनकार्डावर होता म्हणून भरतीची सोय होती, पण त्याची खरी गरज म्हणजे आठवड्याची फिजिओथेरपी आणि फिटच्या गोळ्या. निरामयमध्ये नोंदवलं. आता आक्का प्रत्येक पावती बिस्किटाच्या डब्यात ठेवतात, पाठीमागं तारीख लिहून. पावतीवर पेशंटचं नाव, तारीख आणि शिक्का नसेल तर तिथंच परत देतात. मी त्यांना एवढंच शिकवलं होतं, तारखेचं त्यांनी स्वतःच चालू केलं.

वर्ष ३१ मार्चला संपतं. नूतनीकरण राहिलं की मधल्या काळातली बिलं बुडाली. फेब्रुवारीतच करून टाका. बिलं साठवत बसू नका, महिन्याच्या महिन्याला पाठवा. अर्ज राष्ट्रीय न्यासाकडे नोंदलेल्या संस्थेतून किंवा ऑनलाइन करता येतो.

आई वृद्धाश्रमात आहे, तिचं नाव कुठल्याच रेशनकार्डावर नाही.

सत्तरीपुढची असेल तर प्रश्नच नाही, आधारवर वय वंदना निघतं. सत्तरीखालची असेल तर शासनमान्य वृद्धाश्रमातल्या रहिवाशांचा राज्याच्या योजनेत वेगळा गट आहे. व्यवस्थापकांकडे चौकशी करा.

फोन आला, कार्ड चालू करायला ओटीपी सांगा म्हणाले.

सांगू नका. कार्ड ‘चालू’ करावं लागत नाही. ओटीपी समोर बसलेल्या, ओळखीच्या माणसालाच, तोही आपण स्वतः कार्ड काढायला गेलो असू तर.

दवाखान्यानं योजनेत घेऊनही वरचे पैसे मागितले तर?

मंजूर झालेल्या उपचाराला वरचे पैसे मागता येत नाहीत. आधी आरोग्यमित्राला सांगा, मग १५५३८८ वर तक्रार नोंदवा आणि तक्रारीचा नंबर लिहून घ्या. पैसे दिलेच असतील तर पावती हवीच, पावतीशिवाय तक्रारीला पाय नाहीत. रुग्ण आत असताना भांडायला भीती वाटते हे मला कळतं. तेव्हा भांडू नका, शांतपणे “लिहून द्या” म्हणा. निम्मं प्रकरण तिथंच मिटतं.

उपचार यादीतच नाही म्हणाले. आता?

मुख्यमंत्री वैद्यकीय सहायता निधीला अर्ज करा. आणि दवाखाना धर्मादाय ट्रस्टचा असेल तर १० टक्के खाटा निर्धन रुग्णांसाठी मोफत आणि १० टक्के दुर्बल घटकांसाठी सवलतीत ठेवणं त्याच्यावर बंधनकारक आहे. यासाठी मात्र उत्पन्नाचा दाखला लागतो, तो तहसील कार्यालयातून आधीच काढून ठेवा.

मुलं पुण्या-मुंबईला. रात्री-बेरात्री आम्हा दोघांनाच जायला लागलं तर पिशवीत काय ठेवू?

आधार आणि वय वंदना कार्ड, दोन्हींच्या दोन-दोन झेरॉक्स. रेशनकार्डाची झेरॉक्स. चालू गोळ्यांची चिठ्ठी, जुने रिपोर्ट. दिव्यांग असाल तर यूडीआयडी. एका कागदावर मोठ्या अक्षरात १५५३८८, १४५५५, रुग्णवाहिकेचा १०८ आणि शेजाऱ्याचा नंबर. आणि ज्या मोबाइलवर आधारचा ओटीपी येतो तो मोबाइल, चार्जरसकट. परवाच एक काका सगळे कागद घेऊन गेले होते, फोन मात्र घरी टीव्हीशेजारी चार्जिंगला.